से स्पेस्याल

मादामनी पहिला घास घेतला, डोळे मिटले, सावकाश उघडले आणि म्हणाल्या, “से स्पेस्याल.”

मी सांगलीचा. आमच्याकडे साध्या चहापेक्षा स्पेशल चहा वरचढ, साध्या थाळीपेक्षा स्पेशल थाळी वरचढ. पापड आणि गोड त्यातच मिळतं. तेव्हा मी छाती फुगवून “मेर्सी, मेर्सी” केलं आणि त्यांच्या ताटलीत आणखी एक भलाथोरला तुकडा वाढला. नको नको म्हणत हात आडवा करत होत्या. पंगतीत वाढलेला माणूस अशा हाताला भीक घालत नाही. “घ्या हो, संकोच करू नका,” असं मी माझ्या फ्रेंचमध्ये म्हणालोसुद्धा.

तासाभरानं जिना चढताना लेक म्हणाली, “बाबा, स्पेस्याल म्हणजे चांगलं नाही काही. स्पेस्याल म्हणजे विचित्र. आवडलं असतं तर त्या ‘पा माल’ म्हणाल्या असत्या.”

“पा माल म्हणजे ‘वाईट नाही’ ना?”

“हो. म्हणजे चांगलं.”

लेक नऊ वर्षांची आहे आणि इथल्याच शाळेत जाते. मला इथे स्ट्रासबुर्गमध्ये येऊन सात वर्षं झाली. या भाषेत ‘वाईट नाही’ ही पसंती आणि ‘स्पेशल’ ही नापसंती, हे मला सात वर्षांत कुणी सांगितलं नाही. या गोष्टीला आज चार दिवस झाले. अजून आठवलं की कानशिलं तापतात.

निमित्त होतं फेत दे व्वाझँ, म्हणजे शेजाऱ्यांचा सण. १९९९ साली पॅरिसच्या सतराव्या विभागात ही टूम निघाली आणि देशभर पसरली. मे महिन्याच्या शेवटाकडे एका संध्याकाळी इमारतीतल्या लोकांनी अंगणात टेबलं मांडायची, प्रत्येकानं काहीतरी खायला आणायचं. शेजाऱ्यांनी एकमेकांना ओळखावं असा हेतू आहे. ओळखलं.

बायको म्हणाली होती, “विकत आण रे. चौकात पातिसेरी कशाला आहे?” पण माझ्या डोक्यात आल्झासची सफरचंदाची तार्त बसली होती. खाली पिठाचं खुसखुशीत कवच, त्यात गोलाकार मांडलेल्या फोडी, वरून अंडी, साय आणि साखरेचं मिश्रण ओतून भाजायचं. या मुलखाचंच पक्वान्न त्यांना करून घालावं, म्हणजे कसं, आपण मिसळून गेलो असं होतं. पाककृती चार ओळींची होती. लांबलचक असती तर मी शहाण्यासारखा घाबरलो असतो.

पहिल्याच ओळीत गोची. २५० ग्रॅम मैदा, १२५ ग्रॅम लोणी. आईनं जन्मभर शिकवलं की मोहन कडकडीत हवं, पिठावर पडल्यावर चर्र झालं पाहिजे. इथे उलटा कारभार. लोणी फ्रीजमधलं, दगडासारखं, आणि ते बोटांच्या टोकांनी पिठात चोळायचं. तळहात लावायचा नाही, तळहात गरम असतो. गारेगार पाण्याचा हबका मारून गोळा झाला रे झाला की हात काढून घ्यायचा, मळायचं नाही. हे मला कसं जमावं? पीठ समोर आलं की माझे हात आपोआप चालायला लागतात. मी ते चपातीच्या कणकेसारखं चांगलं तिंबलं. तिंबलेलं पीठ चिवट होतं आणि ओव्हनमध्ये आकसतं. माझ्या कवचाच्या कडा पहिल्या धुण्यात आटलेल्या सदऱ्यासारख्या साच्याच्या निम्म्यावर येऊन बसल्या.

कवच नुसतं भाजताना फुगू नये म्हणून त्यात कागद घालून वर कडधान्य ओततात. इथे लोक त्यासाठी सुका घेवडा एका बरणीत वर्षानुवर्षं जपून ठेवतात. मी काबुली चणे वापरले आणि गार झाल्यावर परत डब्यात टाकले. काल रात्री हिनं ते भिजत घातले. आज सात शिट्ट्या झाल्या, चणे गोट्यांसारखेच आहेत. त्यावरून घरात जे बोलणं झालं ते इथे देत नाही.

मग साय वीस सेंटिलिटर. पाचवीत लिटर, डेसिलिटर, सेंटिलिटर, मिलिलिटर ही उतरंड घोकली होती. गुरुजींचा मारही खाल्ला होता. पुढे आयुष्यात कुणी सेंटिलिटर म्हणून काही मागितलं नाही. दूधवाला नाही, डॉक्टर नाही. ते प्रकरण फ्रेंचांनी अठराव्या शतकाच्या अखेरीस स्वतःसाठीच काढलं होतं आणि आपण उगीच मार खाल्ला, हे चाळिशीत ओट्यापाशी उभं राहून कळलं.

साच्याचा तळ सुटा होता. कडा आधीच खचलेल्या, त्यामुळे मिश्रण बाहेर, बाहेरून खाली, खालून ओव्हनच्या तळावर, आणि तिथून धूर. फ्रान्समध्ये २०१५ पासून प्रत्येक घरात धुराचा अलार्म सक्तीचा आहे. आमचा तोवर छताला नुसता चिकटून होता. चालू आहे हे त्या दिवशी खात्रीनं समजलं. शेवटी तार्त बाहेर काढून मी खालून हात घातला, तळ वर आला आणि साच्याचं गरम कडं घसरत थेट कोपरापर्यंत. दंडावर वाकी घालतात तसं. खूण अजून आहे, पण ती दाखवायला कुणी विचारतच नाही.

आणि तरी सांगतो, तार्त दिसायला देखणी झाली होती. वर्तुळात बसलेल्या फोडी, मधे पिवळंधमक, त्यावर तपकिरी ठिपके. मी तिचे अकरा फोटो काढले.

खाली अंगणात टेबलावर चिप्स, ब्रेत्झेल, क्रेमाँ या फेसाळ वाइनच्या बाटल्या. तिसऱ्या मजल्यावरच्या तरुण जोडप्यानं दुकानातलं ताबुले, म्हणजे पार्स्लीची लेबनीज कोशिंबीर, आणलं होतं, प्लास्टिकच्या डब्यासकट, वर किमतीची चिकटपट्टी. त्याला कुणी काही विचारलं नाही. हे नोंदवून ठेवा, पुढे लागेल.

आता मादाम. आमच्या खालच्या मजल्यावर राहतात, वय ऐंशीच्या पुढे, कणा खुंटीसारखा. त्या घरून स्वतःचा काटा आणतात, इस्त्रीच्या रुमालात गुंडाळून. लोकांच्या काट्यांवर त्यांचा विश्वास नाही. तर हा काटा काढून त्या माझ्या तार्तपाशी आल्या आणि स्थळ बघायला आलेल्या आत्याबाईंसारख्या तिच्याभोवती एक अर्धी प्रदक्षिणा घालून थांबल्या.

“हे काय आहे?”

“तार्त ओ पॉम. आल्सासियेन.” शेवटच्या शब्दावर मी जोर दिला. तो द्यायला नको होता.

“सफरचंदं?”

“हो.”

“मे महिन्यात?”

मला प्रश्नच कळला नाही. म्हणालो, “सुपरमार्केटात होती.”

“सुपरमार्केटात नाताळात स्ट्रॉबेरी पण असते,” मादाम म्हणाल्या. मग मला बोटांवर मोजून दाखवलं, लहान मुलाला महिने शिकवतात तसं. मे म्हणजे रूबार्ब, ते आंबट देठांचं. जूनमध्ये चेरी. ऑगस्टात मिराबेल, सप्टेंबरात क्वेच. आणि सफरचंद? ते ऑक्टोबरात, झाडावरून उतरल्यावर. दिवाळीच्या फराळाला आमरस वाढणाऱ्याकडे आपण ज्या करुणेनं बघू, त्या करुणेनं त्या माझ्याकडे बघत होत्या. (हल्ली डब्यातला आमरस डिसेंबरच्या लग्नातही वाढतात म्हणा. मी तो दोनदा घेतो.)

“कुठलं सफरचंद?”

“गोल्डन.”

मादामनी काटा खाली ठेवला. थोडा वेळ अंगणातल्या चिमण्या तेवढ्या बोलत होत्या. मग देवाचं नाव घ्यावं तसं त्या म्हणाल्या, “बोस्कोप.”

“पार्दों?”

“बोस्कोप. आंबट असतं. शिजल्यावर बोलतं. गोल्डन म्हणजे गोड पाणी.” मग काट्याच्या टोकानं तुकडा उचलून त्यांनी खालची बाजू पाहिली. खालची बाजू! इतक्या वर्षांत मी कुठल्याही खाद्यपदार्थाची खालची बाजू पाहिलेली नाही; जेवण वरून बघायचं असतं. काट्यानं तळावर दोनदा ठोकलं. जो आवाज यायला हवा होता तो आला नाही, हे मला त्यांच्या भुवयांवरून समजलं.

एवढ्यात तिसऱ्या मजल्यावरचे मस्यू आले. मूळचे नॉर्मंडीचे, कालव्हादोस या सफरचंदाच्या ब्रँडीच्या मुलखातले. “कालव्हादोस नाही घातली? बदाम नाहीत?”

मादाम गर्रकन वळल्या. “ती तुमची नॉर्मांद. ही आमची.”

ही आमची! माझ्या तार्तला मादाम आमची म्हणाल्या. सांगतो, घशात काहीतरी आलं. तेवढ्यात त्यांनी वाक्य पुरं केलं, “म्हणजे, व्हायला हवी होती.”

पुढची पंधरा मिनिटं त्या दोघांची जुंपली. सफरचंदाच्या चकत्या की पाव फोडी, दालचिनी की ब्रँडी. हा वाद मला परका नाही. आमच्या घाटावर तळणीचे मोदक आणि बायको रत्नागिरीची, तेव्हा दर गणपतीत मी हे ऐकतो. पण तिथे मला मत असतं. इथे तार्त मी केलेली, दंड माझा भाजलेला, आणि दोघं माझ्या डोक्यावरून भांडत होते. मादामनी शेवटी पणजी बाहेर काढली. पणजी १८७१ च्या आधी जन्मली तेव्हा फ्रेंच होती. मग जर्मन झाली. १९१८ नंतर पुन्हा फ्रेंच. १९४० मध्ये पुन्हा जर्मन. १९४४ च्या नोव्हेंबरात शहर जर्मनांच्या तावडीतून सुटलं तेव्हा पुन्हा फ्रेंच. “देश चार वेळा बदलला, मस्यू, आणि ती स्वयंपाकघरातून उठली नाही. तार्तही बदलली नाही.” यावर नॉर्मंडी गप्प झाली.

मग घास, मग डोळे मिटणं, मग ते स्पेस्याल आणि माझा आग्रह. दुसरा तुकडा चिवडत मादाम म्हणाल्या, “यात अजून काहीतरी आहे.”

“व्हॅनिला,” मी म्हणालो.

“व्हॅनिला नाही.”

“दालचिनी.”

“दालचिनी मला कळते.”

मी आकाशाकडे पाहिलं. तेव्हा मस्यूंची बायको मदतीला आली, अगदी प्रेमानं. “आम्हाला वाटलं होतं, तुम्ही समोसे आणाल!”

“ओ, समोसा!” सगळं अंगण एका सुरात. त्या संध्याकाळी पहिल्यांदाच सगळ्यांनी माझ्याकडे मायेनं पाहिलं.

आता हे मला झोंबलं, आणि चार दिवस मी ते चेष्टेवारी नेतोय, पण झोंबलंच. मी आयुष्यात समोसा केलेला नाही. सांगलीच्या स्टँडवर खाल्ला तेवढाच. आणायचंच तर मी भडंग आणलं असतं, पण भडंग कुणी मागत नाही, कारण ते त्यांच्या नकाशात नाही. ज्या जोडप्यानं किमतीच्या पट्टीसकट ताबुले आणलं, त्यांना कुणी विचारलं नाही की तुम्ही लेबनॉनचे का, आणि यात पार्स्ली इतकी कमी का. त्यांनी काहीही आणावं. परीक्षा माझीच. समोसे नेले असते तर पेपर न बघता पास. तार्त नेली तर खालची बाजू बघतात.

फ्रेंचमध्ये एक वाक्प्रचार आहे, ‘जिन्यातली अक्कल’. वाद संपवून माणूस जिना उतरायला लागला की मग त्याला फर्मास उत्तर सुचतं. आपण वरातीमागून घोडं म्हणतो, पण यांनी अगदी जागेसह सांगून ठेवलंय. मला जिना चढताना सुचलं, तेही मोबाइलवर वाचून. बोस्कोप हे हॉलंडमधल्या एका गावाचं नाव. सफरचंद तिथलं, १८५६ सालचं. माझं गोल्डन अमेरिकेतल्या वेस्ट व्हर्जिनियाचं. व्हॅनिला मादागास्करचा, दालचिनी श्रीलंकेची. त्या साच्यात सगळे बाहेरगावचे होते आणि बोस्कोपला कुणी समोसे मागितले नाहीत. हे सगळं मी जिन्यातच मोठ्यानं म्हणून दाखवलं. लेक म्हणाली, “आणि वेलची, बाबा.”

हो, वेलची घातली होती. चिमूटभर. म्हणजे अर्धा चमचा. बरं, एक चमचा, पण सपाट. इतकं दूध आणि साखर एकत्र होतंय आणि वेलची नाही, हे मला बघवेना. आईची आठवण आली असं म्हणणार होतो, पण खरं कारण एवढंच की डबा हाताशी होता.

काल संध्याकाळी दाराच्या मुठीला एक कापडी पिशवी लटकत होती. आत रूबार्बचे लालबुंद देठ, मादामच्या बहिणीच्या बागेतले असावेत. वरून मोठी थोरली हिरवीगार पानं. बघितल्याबरोबर हिनं आणि मी एकदमच म्हटलं, “अळू!” हिनं तर बेसनाचा डबा काढला, चिंच भिजत घातली. मी एक पान उलटं करून शिरा सोलायला घेतल्या.

पिशवीच्या तळाशी माझी ताटली होती, घासूनपुसून लख्ख, आणि तिच्यावर चिठ्ठी. वळणदार अक्षरात दोनच ओळी. ‘मे महिन्यासाठी.’ आणि खाली, ‘वेलची कमी.’

म्हणजे दुसरा तुकडा त्यांनी संपवला होता.

लेक तेवढ्यात शाळेतून आली. माझ्या हातातलं पान बघून तिनं दप्तर टाकलं आणि ओरडली की बाबा, खाली ठेवा, शाळेच्या बागेत शिकवलंय, रूबार्बचे फक्त देठ खायचे असतात, पानं विषारी असतात. शोधून पाहिलं, तर खरंच असतात.

चिठ्ठी मी पुन्हा नीट वाचली, मागची बाजूसुद्धा पाहिली. पानांबद्दल तिच्यात काही नाही.