हप्ता नका सांगू, एकूण किती जाणार ते सांगा

आज ऑफिसात पेढे आले. आमच्या टीममधल्या एका मुलाने पुनावळ्याला टू बीएचके बुक केला. बत्तीस वर्षांचा, गुणी पोरगा, आईवडील गावी. सगळ्यांनी अभिनंदन केलं, मीही केलं, अगदी मनापासून. मग जो येईल तो एकच विचारत होता, "हप्ता किती बसला रे?" तो म्हणे, "छत्तीस हजार सातशे. आत्ता भाडंच चोवीस जातंय, वर थोडे घातले की स्वतःचं घर." मी विचारलं, "आणि एकूण किती जाणार?" त्याला पटकन कळलंच नाही मी काय विचारतेय ते. तेवढ्यात पलीकडच्या टेबलावरच्या मॅडम मला म्हणाल्या, "अगं, आनंदाच्या दिवशी हिशेब कशाला काढतेस?"

ते वाक्य दिवसभर डोक्यातून गेलं नाही. म्हणून लिहितेय. लांबणार आहे, आधीच सांगते.

आनंदाच्या दिवशीच काढायचा असतो हिशेब! सह्या व्हायच्या आहेत तोवरच काढायचा. नंतर काढून काय उपयोग?

त्याचं कर्ज ५० लाख, दर ८ टक्के, मुदत ३० वर्षं. संध्याकाळी घरी येऊन मी मांडून बघितलं. हप्ता ३६,६८८. पहिल्या महिन्याच्या हप्त्यातले ३३,३३३ रुपये व्याजात जाणार. मुद्दलात किती? ३,३५५. दहा वर्षं एकही हप्ता न चुकवता त्याने भरले, तर बँकेला गेलेले असतील ४४ लाख, आणि डोक्यावर कर्ज उरलेलं असेल जवळपास ४४ लाख. दहा वर्षांत मुद्दल फिटणार सहा लाखांच्या थोडं वर. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा व्हायला एकवीस वर्षं उलटावी लागतात. तेव्हा हा पोरगा त्रेपन्न वर्षांचा असेल.

तीस वर्षांचं नुसतं व्याज ८२ लाख. पुनावळे पिंपरी-चिंचवड महापालिकेच्या हद्दीत, म्हणजे स्टँप ड्यूटी ७ टक्के, शिवाय नोंदणीचे ३० हजार, बांधकाम चालू आहे म्हणून ५ टक्के जीएसटी, आणि खिशातून भरायचे पंधरा लाख वेगळेच. ६५ लाखांचा फ्लॅट त्याला दीड कोटीच्या वर पडतोय. मेंटेनन्स, पार्किंग, फर्निचर, पझेशन लांबलं तर तोवरचं भाडं, हे मी धरलेलंच नाही. सेल्स ऑफिसमध्ये यातला एक तरी आकडा कोणी त्याच्यासमोर कागदावर लिहिला असेल का? तिथे फक्त हप्ता लिहितात. मोठ्ठा, लाल पेनाने, गोल करून.

हे मी एवढं तावातावाने का लिहितेय, तर माझ्या ताईमुळे.

ताई चिंचवडला राहते. करोनाच्या वर्षी, भाची दहावीत असताना घरमालकाने फ्लॅट विकायला काढला, आणि ताई तोंडाला मास्क लावून पोरीला घेऊन घरं बघत हिंडत होती. तेव्हाच तिने ठरवलं, आता भाड्याने नाही. स्टँप ड्यूटीची सवलत ३१ मार्च २०२१ ला संपणार होती, त्या आत नोंदणी केली. ३० लाखांचं कर्ज, दर ७ टक्के, मुदत मुद्दाम १५ वर्षं. मुद्दाम, कारण भावोजी तेव्हा पंचेचाळीसचे होते, साठीला रिटायर होणार. बँकेतला माणूस वीस वर्षं घ्या म्हणून मागे लागला होता, हप्ता कमी बसेल म्हणून. भावोजी म्हणाले, पेन्शन नाही, रिटायरमेंटनंतर हप्ता नको. २७ हजारांचा हप्ता घेतला आणि घरातले बाकीचे खर्च त्याच्याभोवती बसवले. त्या दोघांनी काय चुकीचं केलं होतं, सांगा ना मला.

२०२३ च्या जूनमध्ये ताईची एक आरडी मॅच्युअर झाली. ते पैसे कर्जात भरावेत म्हणून आम्ही दोघी बँकेत गेलो. (बँकेचं नाव लिहीत नाही. कुठल्याही बँकेत हेच झालं असतं.) काउंटरवरच्या मुलाने खातं उघडलं आणि स्क्रीन आमच्याकडे वळवली. बाकी हप्ते: २०७.

ताईने आधी पर्समधला चष्मा काढला. मग म्हणाली, "अहो, कर्जच १८० हप्त्यांचं होतं. सव्वादोन वर्षं भरतेय. मग बाकी १८० पेक्षा जास्त कसे?"

तो मुलगा अगदी शांतपणे म्हणाला, "मॅडम, रेट वाढले. पण तुमचा हप्ता वाढला नाही ना?"

हे वाक्य मी मरेपर्यंत विसरणार नाही. जणू उपकारच केले होते!

झालं होतं ते असं. मे २०२२ पासून रिझर्व्ह बँकेने रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने पैसे देते तो, वाढवायला सुरुवात केली. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ४ वरून साडेसहावर गेला. ताईचं कर्ज फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराचं, रेपोला जोडलेलं, त्यामुळे तिचा दर ७ वरून साडेनऊ झाला. यात बँकेची लबाडी नाही, मान्य. करारात तसंच लिहिलेलं होतं, हेही मान्य. पण दर वाढला की दोनच रस्ते असतात, हप्ता वाढवा नाहीतर मुदत वाढवा. बँकेने मुदत वाढवली. कोणाला विचारून? मोबाइलवर इंग्रजीत एक मेसेज आला होता म्हणे. ओटीपी आणि ऑफरच्या मेसेजांच्या गर्दीत तो कुठे होता कोणास ठाऊक.

२०३६ ला संपायचं कर्ज २०४० च्या शेवटाला गेलं. भावोजींच्या रिटायरमेंटच्या पुढे साडेचार वर्षं. ज्या एका गोष्टीसाठी त्यांनी मोठा हप्ता सोसला होता, नेमकी तीच गेली.

त्या रात्री ताईच्या डायनिंग टेबलावर लॅपटॉप उघडून आम्ही हिशेब केला. मुदत वाढल्यामुळे जादा जाणारे पैसे साधारण साडेचौदा लाख. त्याऐवजी मुदत तीच ठेवून हप्ता वाढवला असता तर? महिन्याला ३,९०० रुपये जास्त. उरलेल्या तेरा वर्षांत मिळून सहा लाख. दर वाढला म्हणून सहा लाख जाणारच होते, त्याला कोणाचाच इलाज नव्हता. वरचे साडेआठ लाख मात्र फक्त कोणी विचारलं नाही म्हणून जाणार होते. भावोजी बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, "चार हजार दिले असते की आपण. काढले असते कुठूनतरी."

हो, काढले असते. कर्ज घेतल्यापासून ही माणसं महाबळेश्वरलासुद्धा गेलेली नाहीत. महिन्याला चार हजार त्यांनी नक्की काढले असते. त्यांना विचारायला तर हवं होतं!

पुढे १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेचं परिपत्रक आलं. व्याजदर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय ग्राहकाला द्यायचा. त्या वर्षाच्या अखेरपर्यंत जुन्या कर्जांनाही हे लागू करायचं होतं. आता नियम आहे. तरी मला सांगा, तुमच्यापैकी किती जणांना बँकेने फोन करून विचारलं, "साहेब, हप्ता वाढवू की मुदत?" माझ्या ओळखीत तरी एकालाही नाही. ताईने स्वतः अर्ज दिला, तीन चकरा मारल्या, हप्ता ३१ हजार करून घेतला. तेव्हा कुठे कर्ज पुन्हा २०३६ मध्ये आलं.

भाड्याचे पैसे परत येत नाहीत, घराच्या किमती वाढतात, वीस वर्षांनी छत्तीस हजारांची किंमत आजएवढी राहणार नाही आणि पगारही वाढतो, हे सगळं मला माहीत आहे. खरं आहे ते. कमेंटमध्ये लिहायची तसदी घेऊ नका.

आणि घर घेऊ नका असं मी मुळीच म्हणत नाहीये. अकरा महिन्यांच्या करारावर जगणं काय असतं ते मी ताईच्या घरी बघितलंय. दर वर्षी भाडंवाढ, दर वर्षी पोलीस व्हेरिफिकेशन, गावाकडून सासूबाई चार महिने राहायला आल्या तर घरमालकाच्या तोंडाकडे बघायचं. भाची आता तिच्या खोलीत टेबलावर अभ्यास करते आणि त्या खोलीतून तिला कोणी उठ म्हणू शकत नाही. याची किंमत मी कुठल्याच एक्सेल शीटमध्ये बसवू शकत नाही. ताईला विचारलं तर ती आजही म्हणेल, घर घेतलं ते चांगलंच केलं. मलाही तसंच वाटतं.

म्हणूनच तर राग येतो. ज्या माणसाला घराची एवढी ओढ आहे, तो घासाघीस करणार नाही, कागद वाचणार नाही, जे पुढे ठेवाल त्यावर सही करेल, हे समोरच्याला पक्कं माहीत असतं. त्या हळव्या जागी हे लोक बरोबर हात घालतात.

विम्याचंच बघा. कर्जमंजुरीच्या पत्रात (सँक्शन लेटर) दीड लाखाचा सिंगल प्रीमियम, म्हणजे विम्याचा एकरकमी हप्ता, हळूच बसवलेला असतो. "घ्यावाच लागतो सर, नाहीतर फाइल पुढे जात नाही." खोटं आहे हे. विमा हवाच, घरातला कमावता माणूस गेला तर मागच्यांवर कर्ज पडू नये, याबद्दल वाद नाही. पण तो त्याच बँकेकडून घेण्याची सक्ती नाही. साधी टर्म पॉलिसी (माणूस गेला तरच पैसे देणारी) वेगळी काढा, बहुतेक वेळा स्वस्त पडते. आणि तो प्रीमियम कर्जातच मिळवला, तर तीस वर्षांत दीड लाखाचे चार लाख होतात. विम्याच्या हप्त्यावर आपण व्याज भरतो! आमच्या त्या पोराच्या पत्रातही ही ओळ असणार, उद्या विचारणार आहे त्याला.

"टॅक्स वाचतो ना पण." कोणाचा वाचतो? नवीन करप्रणालीत स्वतः राहायच्या घराच्या व्याजावर सूट नाही. जुनीत आहे, तीही वर्षाला दोन लाखांपर्यंत. या पोराचं पहिल्या वर्षाचं व्याजच चार लाखांच्या घरात जातंय.

आता जरा शांतपणे लिहिते. तो पोरगा ही पोस्ट वाचणार आहे आणि मला त्याला घाबरवायचं नाहीये.

बाळा, हेच ५० लाख वीस वर्षांसाठी घेतलेस तर हप्ता साधारण ४१,८०० बसतो. पाच हजार जास्त, पण व्याज ८२ लाखांवरून ५० लाखांवर येतं. ते झेपणार नसेल तर तीसच ठेव, हरकत नाही. नोकरीचा भरवसा नसलेल्या दिवसांत छोटा हप्ता असणं वाईट नाही, हे मला मान्य करावंच लागतं. पण मग दर वर्षी बोनसमधून एक हप्ता जास्तीचा भर. तेवढ्यानेच तीस वर्षांचं कर्ज तेवीस वर्षांच्या आसपास फिटतं आणि वीस लाखांहून जास्त वाचतात. फ्लोटिंग कर्जाला मुदतीआधी पैसे भरल्याचा दंड लावता येत नाही. कोणी मागितला तर माझ्याकडे ये. असे मधेच जास्तीचे पैसे भरल्यावर (पार्ट पेमेंट) हप्ता कमी करायचा की मुदत, असं विचारतील. मुदत कमी करा, असं लेखी दे. दर कमी झाले तरी हप्ता कमी करून घेऊ नकोस. २०२५ च्या फेब्रुवारी ते जूनमध्ये रेपो एक टक्क्याने उतरला, तेव्हा ताईने हप्ता ३१ हजारच ठेवला. आता तिचे हप्ते दर महिन्याला मुद्दल जरा जास्त खातात, आणि ती ते स्टेटमेंट मला व्हॉट्सॲपवर पाठवते.

सही करण्याआधी की फॅक्ट स्टेटमेंट माग. १ ऑक्टोबर २०२४ पासून ते देणं बंधनकारक आहे. सगळे खर्च धरून खरा वार्षिक दर किती पडतो आणि कुठल्या हप्त्यात व्याज किती, मुद्दल किती, हे त्यात लिहिलेलं असतं. बँकेतच बसून वाच. मागे रांग असली तर असू दे. तू तीस वर्षं भरणार आहेस, त्यांनी वीस मिनिटं थांबायला हरकत नाही. आणि कर्ज फिटेल तेव्हा घराची मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत मिळायला हवीत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. हे आत्ताच कुठेतरी लिहून ठेव, तोवर मी रिटायर झालेली असेन.

बाकीच्यांना, ज्यांची कर्जं चालू आहेत त्यांना एकच सांगणं. उद्या बँकेच्या ॲपवर जा आणि बाकी हप्त्यांचा आकडा बघा. किती उरले असायला हवेत आणि किती दिसतायत, दोन्ही कमेंटमध्ये लिहा. लाजू नका, ताईने तिचे आकडे इथे लिहायला परवानगी दिलीये ती याचसाठी. ज्यांना आकडेमोड जमत नाही त्यांनी कर्जाची रक्कम, दर आणि मुदत मला इनबॉक्समध्ये पाठवा, माझ्याकडे एक्सेल फाइल तयार आहे, मी मांडून देते. नवीन कर्ज घेणाऱ्यांनी सहीच्या आधी पाठवा. ऑफिस सुटल्यावर, रात्री नऊनंतर मी मोकळी असते.