चिलखत घरी विसरलेले वीर

आमच्या घरात चित्रपट पाहण्याचे काही नियम आहेत आणि ते सगळेच्या सगळे माझ्यासाठी केलेले आहेत. रिमोट माझ्या हाती द्यायचा नाही, हा पहिला. चित्रपट चालू असताना पुस्तक आणण्यासाठी मी आतल्या खोलीत जायचे नाही, हा दुसरा. तिसरा आणि सर्वांत जाचक नियम असा, की 'खरं म्हणजे' या दोन शब्दांनी सुरू होणारे कोणतेही वाक्य मी शेवटची नामावली पडद्यावर येईपर्यंत उच्चारायचे नाही. वास्तविक मी अत्यंत सोशिक प्रेक्षक आहे. नायकाने एका बुक्कीत सात गुंड आडवे केले किंवा नायिका बर्फात शिफॉनची साडी नेसून नाचली, तरी माझी काही तक्रार नसते. हे नियम फक्त प्राचीन ग्रीक योद्ध्यांच्या चित्रपटांना लागू आहेत. कारण ढाल-भाला घेतलेला ग्रीक पडद्यावर दिसला, की माझ्या तोंडून आपोआप काहीतरी निघते आणि घरातल्यांच्या म्हणण्याप्रमाणे ते पुढे तासभर निघतच राहते.

या व्याधीचे मूळ म्हणजे हिरोडोटस. इसवी सनापूर्वी पाचव्या शतकात होऊन गेलेल्या या गृहस्थाने ग्रीक आणि इराणी यांच्या युद्धांचा इतिहास लिहिला. त्याचा पाठ सुटलेला एक जाडजूड इंग्रजी अनुवाद तरुणपणी मला पदपथावरच्या जुन्या पुस्तकांत मिळाला. त्या वयात माणसाला कसलातरी नाद लागतोच. माझ्या मित्रांना लागलेले नाद पुढे सुटले, माझा सुटला नाही.

'३००' हा चित्रपट आमच्याकडे आणला तो माझ्या भाच्याने. भाचा व्यायामशाळेत जातो आणि त्याला त्या चित्रपटातील पोटे दाखवायची होती. "मामा, एकदम ऐतिहासिक आहे, तुमच्या आवडीचा," असे म्हणून त्याने मला सोफ्यावर बसवले. इसवी सनापूर्वी ४८० साली झर्क्सीज हा इराणचा सम्राट प्रचंड सैन्य घेऊन ग्रीसवर चालून आला आणि स्पार्टाचा राजा लिओनायडस याने डोंगर आणि समुद्र यांच्यामधल्या थर्मोपिलीच्या चिंचोळ्या वाटेत त्याला तीन दिवस अडवले, एवढे कथासूत्र इतिहासाला धरून आहे. मात्र हे अडवण्याचे काम चित्रपटातील स्पार्टन लोक कातडी चड्डी आणि पाठीवर सोडलेले लाल वस्त्र एवढ्याच सामग्रीवर करतात. वस्त्राच्या लाल रंगाबद्दल मी काही बोलणार नाही, तो त्यांचा खराच. पण खरा स्पार्टन लढायला उभा राहायचा तो डोक्यावर काशाचे शिरस्त्राण, छातीवर काशाचे किंवा तागाच्या अनेक थरांचे चिलखत, नडग्यांवर काशाचे पत्रे आणि डाव्या हातात जवळजवळ तीन फूट व्यासाची, सहा-सात किलो वजनाची ढाल घेऊन. म्हणजे भाच्याला जे पाहायचे होते, ते खऱ्या युद्धात शत्रूलासुद्धा दिसले नसते.

"अरे, पण हे उघडे का?" असे माझ्या आईने विचारले. आई चित्रपट पाहते ती जपमाळ ओढता ओढता, आणि नेमका प्रश्न विचारते. "भाले लागतील ना अंगाला!" मी तोंड उघडले, पत्नीने डोळे वटारले. मी तोंड मिटले.

ही ढाल म्हणजे या लढाईतले खरे मर्म होते. माणसाची स्वतःची ढाल त्याची डावी बाजू झाकी आणि उरलेला भाग डावीकडच्या शेजाऱ्याची उजवी बाजू झाकी. त्यामुळे रांग मोडली की शेजारी मेला, आणि आपल्या उजवीकडचा सरकला की आपण मेलो. चित्रपटात ही रांग मिनिटभर फार सुरेख धरली जाते आणि मग एकेक जण तीतून बाहेर उडी मारून, हवेतल्या हवेत गिरकी घेऊन, सावकाश इराणी माणसे कापू लागतो. हा सावकाशपणा इतका, की तेवढ्या वेळात आईची एक माळ पुरी झाली.

शिवाय हे लोक तरुण पोरे नव्हते. लिओनायडसची पन्नाशी तेव्हा उलटून गेली असावी असे अभ्यासक मानतात, आणि बरोबर नेलेले ३०० जण त्याने मुद्दाम असे निवडले होते, की प्रत्येकाला घरी एक तरी हयात मुलगा असावा. वंश बुडू नये हा हेतू. थोडक्यात, थर्मोपिलीला गेले ते संसारी बापे होते. एवढे सांगण्याची परवानगी मला चहाच्या सुटीत मिळाली. त्यावर पत्नीने माझ्या पोटाकडे पाहिले आणि "म्हणजे वय ही सबब नाही," असे म्हटले.

अतिशयोक्तीवर माझा राग नाही. चित्रपटवाल्यांनी तिखटमीठ लावावे, त्यासाठीच आपण पैसे मोजतो. माझा जीव जळतो तो वेगळ्याच गोष्टीसाठी. या मंडळींनी तिखटमीठ ठेवले आणि मूळ पदार्थ टाकून दिला. ज्याची कल्पना मुंबईच्या किंवा हॉलिवूडच्या कोणत्याही लेखकाला सुचणार नाही, असे प्रसंग हिरोडोटसच्या पानापानावर पडलेले आहेत, आणि नेमके तेच वगळण्यात या लोकांचा हातखंडा आहे.

विहिरीचा प्रसंग घ्या. इराणी दूत माती आणि पाणी, म्हणजे शरणागतीची खूण, मागायला येतो आणि लिओनायडस त्याला लाथ मारून विहिरीत ढकलतो. आमच्या घरात यावर टाळ्या पडल्या. आता, स्पार्टाच्या लोकांनी दूत विहिरीत टाकले हे खरे आहे. परंतु ते झर्क्सीजच्या बापाचे, दरायसचे दूत होते आणि घटना सुमारे दहा वर्षे आधीची होती. गंमत पुढेच आहे. दूताला मारणे हे ग्रीकांच्या लेखीसुद्धा पाप. त्यानंतर स्पार्टात बळी दिले की कौल वाईटच येई. अखेर सभा भरवून विचारण्यात आले, की या पापाच्या भरपाईसाठी मरायला कोण तयार आहे? स्पर्थियस आणि बुलिस असे दोन खानदानी गृहस्थ पुढे झाले, इराणची राजधानी सुसा येथे पोहोचले आणि झर्क्सीजपुढे उभे राहून म्हणाले, की आमच्या गावाने तुमचे दूत मारले, बदल्यात आम्हाला मारा. पहारेकऱ्यांनी त्यांची डोकी जमिनीवर टेकवायचा प्रयत्न केला, तर माणसाला दंडवत घालण्याची आमच्यात रीत नाही, असे त्यांनी तिथेही सुनावले. आणि झर्क्सीज म्हणाला, की जे तुम्ही केलेत तसलेच करून मी तुमची पापातून सुटका करणार नाही, घरी जा.

हा राजा चित्रपटात आठ फूट उंच, केशहीन आणि कानानाकापासून गालापर्यंत साखळ्या टोचून घेतलेला असा आहे. पर्सेपोलिसच्या भिंतींवर कोरलेले इराणी राजे मात्र भरघोस दाढीचे आणि पायघोळ, चुणीदार वस्त्रे ल्यालेले दिसतात. "हा राक्षस कोण?" असे आईने विचारले, तेव्हा भाचा म्हणाला, "राजा आहे, आजी." आईचा विश्वास बसला नाही. मी तिच्या कानात त्या दोन गृहस्थांची हकिकत सांगितली. तो नियमभंग होता, पण आईने एवढेच म्हटले, "सोडलं ना त्यांना? मग राक्षस कसा?"

त्यानंतर गेंडा आला. गेंड्यामागून हत्ती आले. हिरोडोटसने झर्क्सीजच्या सैन्यातील तुकड्या, त्यांचे पोशाख आणि हत्यारे अशी पानेच्या पाने यादी दिलेली आहे. घोडे बुजू नयेत म्हणून अरबांचे उंट सर्वांत मागे ठेवले होते, इतक्या बारकाईने. त्या यादीत ना गेंडा आहे, ना हत्ती. आहेत ते आपण! कापसाचे कपडे घातलेले, वेताची धनुष्ये आणि लोखंडी टोकाचे बाण घेतलेले हिंदी सैनिक त्या फौजेत होते, आणि फौजेबरोबर हिंदुस्थानी कुत्रेही होते. तेव्हा सिंधूचे खोरे इराणच्या अमलाखाली होते, त्यामुळे यात नवल नाही. परंतु काशाच्या आणि कातड्याच्या त्या गर्दीत सुती कपडे घातलेला, घामाने डबडबलेला आपल्याकडचा एक माणूस, धनुष्य खांद्याला लावून "आपलं इथे काय काम आहे" असा चेहरा करून उभा आहे, हे चित्र दाखवायला काय हरकत होती? गेंडा आणण्यापेक्षा स्वस्त पडले असते.

इथे भाच्याने मला पेचात पकडले. "मामा, तुमचा हिरोडोटस सैन्याचा आकडा किती देतो?" त्याने फोनवर शोधून ठेवले होते. मी खाली मान घालून सांगितले, की नोकरचाकर धरून ५२,८३,२२०. आजचे अभ्यासक यातला फार थोडा हिस्सा मान्य करतात. त्यातल्या पायदळाची मोजणीही वर्णन केली आहे: दहा हजार माणसे दाटीवाटीने उभी करून त्यांच्याभोवती कुंपण घातले आणि पायलीने धान्य मोजावे तसे ते कुंपण पुन्हा पुन्हा भरून रिकामे केले, असे १७ लाख झाले. "मग फेकतंय कोण?" भाचा म्हणाला आणि सगळे हसले. यावर माझे उत्तर तयार होते. लोक काय सांगतात ते नोंदवणे हे माझे काम, त्यावर विश्वास ठेवणे हे माझ्यावर बंधनकारक नाही, असे हिरोडोटसने स्वतःच म्हणून ठेवले आहे. परंतु तोपर्यंत सर्वांचे लक्ष पुन्हा गेंड्याकडे लागले होते.

चित्रपटाची बाजू एका मुद्द्यावर मला घ्यावी लागते. ही सारी कथा एक डोळा गमावल्यामुळे परत पाठवलेला स्पार्टन, दुसऱ्या लढाईच्या आधी सैनिकांना सांगतो आहे, अशी रचना आहे. आणि सैनिकांना चेव आणण्यासाठी सांगितलेल्या गोष्टीत गेंडा यायचाच. पण हिरोडोटसमध्येही डोळ्यांच्या विकाराने माघारी आलेला एक स्पार्टन आहे. त्याचे नाव अरिस्टोडेमस. त्याच दुखण्याने आजारी असलेला त्याचा सोबती नोकराला हात धरायला लावून रणात शिरला आणि मेला. हा घरी आला. स्पार्टात त्याला कोणी चूल पेटवायला विस्तव देईना आणि कोणी त्याच्याशी बोलेना. पुढच्या वर्षी प्लाटियाच्या लढाईत तो रांग सोडून वेड्यासारखा पुढे घुसला आणि सर्वांहून शौर्याने लढून पडला. तरीही याला मरायचेच होते, मग त्यात शौर्य कसले, असे म्हणून स्पार्टनांनी त्याचा सन्मान केला नाही. अशा माणसाची गोष्ट हातात असताना त्याचा वक्ता करून टाकायचा! ज्याच्याशी घरात कोणी बोलत नाही त्याची अवस्था काय असते, हे मी सांगू शकलो असतो. पण नियम क्रमांक तीन.

शेवटच्या दिवशी लिओनायडसबरोबर थेस्पिया या छोट्या गावाचे ७०० जण स्वखुशीने थांबले आणि मेले, हे तर कोणाच्या गावीच नाही. त्यांना मोजले असते तर चित्रपटाचे नाव बदलावे लागले असते.

'ट्रॉय' आम्ही पाहिला तो पत्नीच्या आग्रहाने. तिला ब्रॅड पिट आवडतो, आणि त्याबाबत ऐतिहासिक आक्षेप घेण्याची माझी हिंमत नाही. त्यात बाजाराच्या दृश्यात लामा हा दक्षिण अमेरिकेतला प्राणी फिरतो आणि नाणी पाडण्याची कला जन्माला येण्याच्या कित्येक शतके आधी मृतांच्या डोळ्यांवर नाणी ठेवली जातात. ट्रॉयच्या राजपुत्राबरोबर गेलेल्या हेलनचा नवरा मेनेलाउस हा ट्रॉयच्याच हेक्टरच्या हातून मरतो, तेव्हा पत्नी "बरं झालं," असे म्हणाली. होमरच्या काव्यात तो मरत नाही. तो हेलनला घरी घेऊन जातो आणि पुढे पाहुणे आल्यावर हेलन युद्धातली एक आठवण सांगते, की मी मनाने कशी ग्रीकांचीच होते; लगेच मेनेलाउस दुसरी सांगतो, की आम्ही लपलेल्या लाकडी घोड्याभोवती तू फिरून आमच्या बायकांचे आवाज कसे काढत होतीस. विवाहित माणसांसाठी याहून वास्तव दृश्य प्राचीन वाङ्मयात मला माहीत नाही.

'अलेक्झांडर'विषयी मी जपून बोलतो, कारण रॉबिन लेन फॉक्स या खऱ्याखुऱ्या इतिहासकाराने त्याला सल्ला दिला होता आणि मोबदला म्हणून घोडदळाच्या हल्ल्यात पुढच्या फळीत घोडा फेकायला मिळावा, एवढेच मागितले होते. मला त्याचा मत्सर वाटतो. तरीही पोरसबरोबरची लढाई झेलमच्या काठी, पावसाळ्यात, रात्री वादळात नदी ओलांडून झाली असताना चित्रपटात ती घनदाट जंगलात होते आणि नदीच गायब आहे. आईचे मत असे, की 'सिकंदर-ए-आझम'मधला दारासिंगच बरा. निदान बोललेले कळत होते.

गेल्या महिन्यात भाच्याने '३००'चा पुढचा भाग लावला. त्यात आर्टेमिसिया ही इराणच्या बाजूने लढणारी आरमाराची सेनानी आहे. ती खरोखरीची, हिरोडोटसच्याच हॅलिकार्नासस गावची राणी. मला राहवले नाही आणि मी आईजवळ सरकून कुजबुजू लागलो. अथेन्सजवळ सॅलमिसच्या समुद्रातल्या लढाईत एक अथेनी जहाज तिच्या मागे लागले. पुढे सगळी आपल्याच बाजूची जहाजे, पळायला वाट नाही. तेव्हा तिने आपल्याच बाजूच्या एका जहाजावर धडक मारून ते बुडवले. अथेनी कप्तानाला वाटले, ही आपल्यातली असावी. त्याने पाठलाग सोडला. किनाऱ्यावर सिंहासन मांडून बसलेल्या झर्क्सीजला वाटले, हिने शत्रूचे जहाज बुडवले. तो म्हणाला, आज माझे पुरुष बायका झाले आणि बायका पुरुष. आईने जपमाळ बाजूला ठेवली होती.

"आणि बुडालेल्यांनी सांगितलं नाही राजाला?"

"त्या जहाजावरचा एकही वाचला नाही."

"हुशार बाई!" आई म्हणाली. "मग पुढे?"

"पुढे राजाने आपली मुलं सुखरूप पोहोचवायला तिच्याच ताब्यात दिली. ती त्यांना घेऊन एफिससला गेली."

तेवढ्यात पडद्यावर थेमिस्टोक्लिस या अथेनी सेनापतीची तलवार आर्टेमिसियाच्या पोटात शिरली आणि ती सावकाश, फार सावकाश, खाली कोसळली. भाच्याने आवाज वाढवला. आईने चश्मा सारखा करून पडद्याकडे पाहिले, मग माझ्याकडे पाहिले आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात विचारले,

"मग ही कोण मेली?"