बाहुलीनं तोंड वाकडं करायलाच हवं का?

जपानी दिग्दर्शक किहाचिरो कावामोतो बाहुली किंचित हलवून एकेक फ्रेम टिपत, म्हणजे स्टॉप-मोशननं, चित्रपट करायचे. त्यांच्यावरचा माझा लेख वाचून ‘कावामोतोंच्या बाहुल्यांचे चेहरे ठोकळ्यासारखे. ओनी म्हणजे राक्षस, मग तो भेसूर व्हायला नको? दर भावासाठी वेगळा लावायचे ते बदलते चेहरे का नाही वापरले?’ असं तुम्ही विचारलंय. शिवाय ‘गाबू’ हे डोकं मी नो या जपानी मुखवटानाट्यातलं म्हटलं ते चूक, असंही. ते एकदम मान्य. नोमध्ये मुखवटा असतो; गाबू हे बुनराकू या जपानी बाहुलीनाट्यातल्या बाहुलीचं लाकडी डोकं. लेखात दुरुस्ती केली आहे.

चेहऱ्यांचं मात्र पटत नाही. किहाचिरो कावामोतो १९६३ मध्ये प्रागला चेक बाहुलीपटकार यिरी त्रिंकांकडे शिकायला गेले. त्रिंकांच्या बाहुल्याही बहुतेक एकाच चेहऱ्यावर निभावून नेतात. भाव येतो तो मानेच्या कलातून आणि उजेडातून. नोमध्ये त्याला शब्दच आहेत: मुखवटा किंचित वर केला की ‘तेरासु’, म्हणजे उजळणं, झुकवला की ‘कुमोरासु’, झाकोळणं. हान्न्याचा, म्हणजे मत्सरानं राक्षसीण झालेल्या बाईचा, शिंगांचा मुखवटा झुकला की रडवेला दिसतो, सरळ समोर रोखला की संतापलेला. आणि कावामोतोंच्या ‘ओनी’ या लघुपटाची (१९७२) कथा आठवा: रानात तोडलेला राक्षसाचा हात निघतो म्हाताऱ्या आईचा. चेहरा पहिल्यापासूनच भेसूर केला तर या कथेत उरलं काय?

बदलते चेहरे फुकट मिळत नाहीत. कपाळाखालची सांध्याची रेघ दिसते, रंगाची छटा जरा हुकली की गाल लुकलुकतो, आणि नवं तोंड जड निघालं की मान दर फ्रेमला थोडी थोडी खाली येते.

जबडा फाडायचाच असेल तर गाबूकडे बघा. दोरी ओढताच तोंड कानापर्यंत फाटतं, शिंगं वर येतात, डोळे सोनेरी होतात. सगळं एका झटक्यात. स्टॉप-मोशनमध्ये तो झटका चार-पाच फ्रेममध्ये संपवा, प्रत्येक फ्रेमला वेगळी पोझ देऊन. मधल्या पोझ वाढवल्या की जबडा दुकानाच्या शटरसारखा उघडतो.

बाहुली सापाची असेल तर तिच्या अंगाचं दुखणं वेगळं. आत एकच लांब तार घातली तर शेपटी हलवताना डोकंही सरकतं. ॲल्युमिनियमच्या दोन तारा पिळून घ्या, शेपटीकडे एकच ठेवा आणि अंग खालून तीन ठिकाणी टेबलाला स्क्रूनं धरा. हलवायचा भाग तेवढा मोकळा. तार नेहमी एकाच वाकणावर तुटते, म्हणून तो तुकडा बदलता येईल असा चौकोनी पितळी नळीत बसवा. किमोनोच्या बाहीच्या दुमडीतही बारीक तार हवी, नाहीतर बोट लागेल तसं कापड थरथरतं आणि प्रेक्षक राक्षस सोडून बाहीकडेच बघत बसतो.