‘बदलीविरुद्ध कोर्टात जाऊन काही होत नाही’ हे अर्धंच खरं आहे

मे महिन्यात बदल्यांच्या ऑर्डरी निघाल्या की आमच्या रत्नागिरी-सिंधुदुर्गातल्या कर्मचारी ग्रुपांवर एक मेसेज दरवर्षी फिरतो. ‘बदली हा शासनाचा अधिकार, कोर्ट ऐकतच नाही. स्टे हवा असेल तर हजर होऊ नका, मेडिकल टाका. ऑर्डरमागे आमदाराचं पत्र असेल तर ती रद्दच होते. आणि जायचंच तर थेट हायकोर्टात जा.’ यावर विसंबून अडचणीत आलेली माणसं मी नोकरीत असताना पाहिली आहेत, म्हणून आता निवृत्तीनंतर हे लिहितो आहे.

पहिलं वाक्य अर्धं खरं आहे. कोणाला कुठे पाठवायचं ते प्रशासनाने ठरवायचं, हे सुप्रीम कोर्टाने शिल्पी बोस (1991) आणि एस. एल. अब्बास (1993) या निकालांत सांगितलं आहे. ‘आई आजारी आहे, घाटावर पाठवू नका’ एवढ्यावर अर्ज टिकत नाही. पण त्याच निकालांत पुढे आहे की ऑर्डर कायद्याच्या तरतुदीविरुद्ध असेल किंवा आकसाने काढलेली असेल तर कोर्ट हात घालतं. अब्बास यांच्या प्रकरणात नुसती मार्गदर्शक तत्त्वं होती. आपल्याकडे राज्य कर्मचाऱ्यांसाठी 2005 चा बदली अधिनियम आहे, म्हणजे विधिमंडळाने केलेला कायदा. एका पदावर साधारण 3 वर्षं, गट क ला त्याच कार्यालयात असे दोन कालावधी, आणि बदल्या एप्रिल-मेमध्ये. मुदतीआधी हलवायचं तर कारण लेखी नोंदवायचं आणि वरच्या सक्षम प्राधिकाऱ्याची मान्यता आधी घ्यायची.

‘आधी’ हा शब्द मला पाठ आहे. मालवणात मला सव्वा वर्ष झालं होतं आणि ऐन जुलैत मंडणगडची ऑर्डर आली. कारण ‘प्रशासकीय निकड’, खाली त्याच कायद्याचं कलम 4(4) आणि 4(5) छापलेलं. माहितीच्या अधिकारात टिपणीची, म्हणजे बदलीच्या फाईलवरच्या नोंदीची, प्रत मागवली. त्या हिरव्या कागदावर माझ्या नावापुढचा कारणाचा रकाना कोरा होता, आणि वरिष्ठांच्या सहीखालची तारीख ऑर्डरनंतर सहा दिवसांची. माझी गैरसोय, मुलीची दहावी, यातलं काहीच सांगावं लागलं नाही. मॅटने, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाने, ऑर्डर रद्द केली ती त्या सहीवर.

हजर न होण्याचा सल्ला मात्र सरळ घातक आहे. नुसता अर्ज दाखल केल्याने ऑर्डर थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते आणि ती मिळेलच असं नाही. गुजरात विद्युत मंडळाच्या 1989 च्या प्रकरणात कर्मचारी निवेदन देऊन घरी बसला. त्याची नोकरी गेली, आणि सुप्रीम कोर्टाने ते कायम ठेवलं. मी भर पावसात एस.टी.ने मंडणगड गाठलं आणि हजर रिपोर्टात ‘दाद मागण्याचा हक्क राखून’ एवढं लिहिलं. माझा अर्ज त्यामुळे कमकुवत झाला नाही. खोटं मेडिकल टाकलं असतं तर आकस कोणाचा, हा प्रश्न माझ्यावरच उलटला असता.

आमदाराच्या पत्राने ऑर्डर आपोआप रद्द होत नाही. मोहम्मद मसूद अहमद (2007) प्रकरणात कोर्टाने तेच सांगितलं. अधिकाऱ्याने स्वतः विचार केला की नुसतं पत्र पुढे ढकललं, ते फाईलवर दाखवावं लागतं. उलट आपण आमदाराकडे धावलो तर वर्तणूक नियमांचा भंग आपल्यावरच येतो.

थेट हायकोर्ट म्हणाल तर राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याने आधी मॅटमध्येच जायचं, हे एल. चंद्र कुमार (1997) निकालापासून पक्कं आहे. कोकणातल्यांसाठी मुंबईचं खंडपीठ. जिल्हा परिषदेचे शिक्षक मॅटच्या कक्षेत येत नाहीत, त्यांची रिट हायकोर्टात. रत्नागिरी-सिंधुदुर्गच्या शिक्षकांना त्यासाठी 18 ऑगस्ट 2025 पासून मुंबई गाठावी लागत नाही, कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे. रायगडकरांना मात्र मुंबईच.

मॅटमध्ये जायला कायद्याने एक वर्ष मिळतं. पण तुमच्या खुर्चीवर दुसरा माणूस रुजू झाला की स्थगिती मिळणं अवघड होऊन बसतं, म्हणून टिपणीसाठीचा अर्ज ऑर्डर हातात पडेल त्याच दिवशी आवक-जावकला द्या आणि पोच घ्या.