‘गॅस भरला की फ्रिज चालतो, मग टायमरचा संबंध काय?’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार काका,

डबल डोअर फ्रिजमधला डीफ्रॉस्ट टायमर (ठरावीक तासांनी आत साचलेला बर्फ वितळवायला लावणारी डबी) कुठे असतो आणि तिथपर्यंत कसं पोचायचं, या माझ्या लेखावरची तुमची प्रतिक्रिया वाचली. तुमची सगळी नोकरी वीज मंडळात झालीय, म्हणून तुमची काळजी मला हलक्यावारी सोडून देता येत नाही. उत्तर लांबणार आहे, ते शेवटपर्यंत वाचा एवढी विनंती.

ज्यांनी प्रतिक्रिया वाचली नसेल त्यांच्यासाठी: काकांच्या मते विजेच्या वस्तूचं झाकण उघडायला घरच्या माणसांना, त्यातही ‘गृहिणींना’ शिकवणं बेजबाबदारपणाचं आहे. टायमर त्यांनी मागे कॉम्प्रेसरजवळ शोधला, तो तिथे नव्हता. व्हिडिओत बर्फ वितळवणाऱ्या हीटरचं मल्टिमीटरवरचं रीडिंग ३० ओहम दाखवतात, मी ३५० लिहिलंय. आणि त्यांच्या दृष्टीने निकाली मुद्दा हा: फ्रीझर गार होता, खालचा भाग गार होत नव्हता, मेकॅनिकने गॅस भरला आणि फ्रिज चालू झाला.

शेवटच्या मुद्द्यापासून सुरुवात करते, कारण तो लेख मी त्याच्यासाठीच लिहिला होता.

काका, तुम्हीच पुढे लिहिलंय की पंधरा-वीस दिवसांनी दूध पुन्हा नासायला लागलं आणि मेकॅनिक म्हणतो, ‘गॅस परत गेला.’ या एका वाक्यात तुमच्या फ्रिजचा आजार बराचसा कळतो. फ्रॉस्ट फ्री फ्रिजमध्ये थंडावा तयार करणारी कॉइल फ्रीझरच्या मागच्या प्लास्टिकच्या पडद्याआड असते. एक छोटा पंखा त्या कॉइलवरून हवा ओढतो, ती फ्रीझरमध्ये फिरवतो आणि तिचाच थोडा भाग खाली पाठवतो. हवेतला ओलावा कॉइलवर हिम होऊन बसतो. ठरावीक तासांनी टायमर कॉम्प्रेसर आणि पंखा बंद करतो, कॉइलखालचा हीटर चालू करतो, हिम वितळून पाणी नळीतून मागच्या ट्रेमध्ये उतरतं, आणि साधारण वीस ते तीस मिनिटांनी फ्रिज पुन्हा गार करायला लागतो. मॉडेलप्रमाणे दर सहा, आठ, दहा किंवा बारा तासांनी हे चालतं. घरात कुणाला पत्ताही लागत नाही.

हे वितळवणं थांबलं की हिमाचे थर साचत जातात. काही दिवसांत कॉइलच्या पत्र्यांमधल्या फटी बुजतात, हवेला वाट उरत नाही. फ्रीझर बर्फाला चिकटूनच असल्यामुळे गार राहतो, पण खाली हवा पोचत नाही. भाजी कोमेजते, दूध नासतं, कॉम्प्रेसर मात्र अखंड चालू. ही लक्षणं गॅस कमी झाल्यासारखीच दिसतात, आणि गफलत होते ती इथेच.

आता गॅस भरताना काय घडतं ते बघा. फ्रिज बंद केला जातो, रिकामा केला जातो, दारं उघडी राहतात, कधी तो दुकानात नेला जातो. या सगळ्या तासांत कॉइलवरचा बर्फ आपोआप वितळतो. मग गॅस भरून फ्रिज लावला की तो उत्तम चालतो, कारण हवेची वाट मोकळी झालेली असते. पैसे गॅसचे गेले, काम मात्र दार उघडं ठेवल्याने झालं. टायमर तसाच बंद असल्यामुळे पुन्हा थर साचतात आणि पुन्हा ‘गॅस गेला’.

फ्रिजमधला गॅस पेट्रोलसारखा वापरून संपत नाही. ती चहूबाजूंनी बंद नळी आहे, गॅस तिच्यातच फिरत राहतो. तो कमी झाला असेल तर कुठेतरी गळती आहे, आणि ती शोधून बुजवल्याशिवाय भरणं म्हणजे अर्धं काम. तुमच्या मेकॅनिकने गळती कुठे होती ते दाखवलं का? तुमच्या प्रतिक्रियेत त्याचा उल्लेख नाही, म्हणून विचारते.

पुन्हा गॅसला पैसे देण्याआधी एक परीक्षा करा. तिला स्क्रू ड्रायव्हर लागत नाही. फ्रिज रिकामा करा, प्लग काढा, दोन्ही दारं पूर्ण रात्रभर, जमलं तर चोवीस तास, उघडी ठेवा. खाली जुने टॉवेल अंथरा, आणि मागचा ट्रे ओतून टाकता येत असेल तर मधूनमधून रिकामा करा, नाहीतर पाणी जमिनीवर येईल. मग फ्रिज चालू करा. त्यानंतर तो आठ-पंधरा दिवस उत्तम चालला आणि मग पुन्हा खालचा भाग तापला, तर दोष डीफ्रॉस्टच्या यंत्रणेत आहे असं जवळजवळ खात्रीने धरा. सगळा बर्फ वितळूनही फरकच पडला नाही, तर मेकॅनिकचं म्हणणं खरं असू शकतं, किंवा पंखा बंद असेल. पंख्यासाठी फ्रीझरच्या दाराचा स्विच बोटाने दाबून धरा आणि कान द्या. बऱ्याच मॉडेलमध्ये दार उघडल्यावर पंखा थांबतो, स्विच दाबला की फिरतो. फक्त नेमका तेव्हाच कॉम्प्रेसर थांबलेला असेल तर पंखाही गप्प असतो, म्हणून घाईने निकाल देऊ नका.

कॉइल प्रत्यक्ष बघितली तर शंकाच उरत नाही. पूर्ण कॉइल पांढरी, बर्फाने भरलेली दिसली तर डीफ्रॉस्टचा दोष. सुरुवातीच्या एक-दोन वेढ्यांवरच हिम आणि बाकी नळी उघडी, तर गॅस कमी. सिलिंडर लावण्याआधी मेकॅनिकला तो पडदा काढून दाखवायला सांगा. बर्फाने घट्ट धरलेला पडदा स्वतः ओढू मात्र नका, तडकतो.

आता तुमचा सुरक्षेचा मुद्दा. त्याबाबतीत मी तुमच्याच बाजूची आहे. म्हणूनच लेखात पहिलंच वाक्य प्लग काढण्याचं होतं, बटण बंद करण्याचं नव्हे. जुन्या घरांत स्विच न्यूट्रलवर बसवलेले सापडतात, तिथे बटण बंद असूनही आत फेज असते, हे तुम्हाला मी काय सांगणार! स्टॅबिलायझर बंद करणंही पुरेसं नाही, फ्रिजचा प्लगच हातात दिसला पाहिजे. चालू फ्रिजमध्ये मीटरच्या पिना लावायला मी कुठेही सांगितलेलं नाही. नवीन इन्व्हर्टर फ्रिजच्या पीसीबीपासून, म्हणजे इलेक्ट्रॉनिक बोर्डापासून, दूर राहा हेही लिहिलंय. २३० व्होल्टचा पुरवठा त्या बोर्डावर डीसी होऊन सुमारे ३२५ व्होल्टपर्यंत जातो आणि प्लग काढल्यावरही काही वेळ कपॅसिटरमध्ये राहू शकतो. हल्लीच्या कित्येक फ्रिजमध्ये आर-६००ए, म्हणजे आयसोब्युटेन भरलेला असतो. तो स्वयंपाकाच्या गॅसच्याच कुळातला, पेट घेणारा. म्हणून बर्फ सुरीने किंवा स्क्रू ड्रायव्हरने टोचायचा नाही. कॉइल ॲल्युमिनियमची असते, एका टोच्याने भोक पडतं, आणि मग खरोखरच गॅस जातो.

‘गृहिणींना’ या शब्दाबद्दल मला स्पष्ट लिहायचं आहे. फ्रिज नीट चालत नाही हे सर्वात आधी जिच्या लक्षात येतं, दुपारी मेकॅनिक येतो तेव्हा जी घरी असते आणि ज्या बिलावर जिची सही घेतली जाते, तिला टायमर कुठे आहे हे माहीत असलंच पाहिजे. तिने दुरुस्ती करावी असं मी म्हणत नाही. ‘टायमर तपासलात का?’ एवढं विचारता आलं तरी पुढचं बोलणं बदलतं.

तुम्हाला टायमर कॉम्प्रेसरजवळ मिळाला नाही, कारण तो तिथे असेलच असं नाही. लेखात मी ती जागा दुसऱ्या क्रमांकावर दिली होती. आपल्याकडच्या मेकॅनिकल टायमरच्या डबल डोअर फ्रिजमध्ये आधी खालच्या कप्प्याच्या छताला बघा. थर्मोस्टॅटची (थंडावा कमी-जास्त करायची) चकती आणि बल्ब ज्या प्लास्टिकच्या पेटीत असतात, तिच्या आत तो पुष्कळदा असतो. वरची काचेची किंवा जाळीची फळी काढा म्हणजे हात चालेल. बल्बचं झाकण निघतं, चकती सरळ खाली ओढली की येते, आणि त्यांच्या मागे किंवा एखाद्या छोट्या प्लास्टिकच्या टोपीखाली एक-दोन स्क्रू असतात. ते काढल्यावर पेटी थोडी पुढे सरकवून खाली उतरते आणि वायरवर लोंबते. तिला हिसका देऊ नका. थर्मोस्टॅटची बारीक नळी त्याच पेटीतून निघते, ती मुडपली तर थर्मोस्टॅट वाया जातो. टायमर म्हणजे काडेपेटीहून थोडी मोठी प्लास्टिकची डबी, चार पिना आणि बाहेर डोकावणारा खाच असलेला दांडा. काही मॉडेलमध्ये पेटीलाच खालून एक भोक ठेवलेलं असतं, त्यातून तो दांडा दिसतो आणि काहीच उघडावं लागत नाही. आधी टॉर्च लावून ते भोक शोधा.

तिथे नसेल तर मग मागे खाली, कॉम्प्रेसरशेजारच्या कव्हरच्या आत. अमेरिकेत राहणाऱ्या वाचकांच्या जुन्या फ्रिजमध्ये तो बऱ्याचदा पुढे, तळाच्या जाळीमागे असतो. तिकडचे व्हिडिओ बघून आपली माणसं कांदे-बटाट्याचा खण काढून बसतात आणि हाती काही लागत नाही. आणि चकतीऐवजी डिजिटल आकडे असतील, इन्व्हर्टर कॉम्प्रेसर असेल, तर टायमर नावाची डबी शोधूच नका. तिथे हे काम पीसीबी आणि कॉइलवरचा सेन्सर करतात. एका दाराच्या साध्या फ्रिजमध्येही टायमर नसतो. थर्मोस्टॅटच्या मधलं बटण दाबायचं, कॉम्प्रेसर थांबतो, बर्फ वितळला की बटण आपोआप वर येतं. फ्रिजच्या मागे वायरिंगचा नकाशा चिकटवलेला असेल तर तोच आधी वाचा. टायमर आहे की बोर्ड, ते त्यात कळतं.

ओहमचा हिशेब सोपा आहे आणि तुम्ही तो माझ्यापेक्षा लवकर कराल. २३० व्होल्टवर १५० वॉटचा हीटर: २३० गुणिले २३०, भागिले १५०, म्हणजे सुमारे ३५३ ओहम. व्हिडिओतला फ्रिज ११५ व्होल्टचा आणि हीटर साडेचारशे वॉटचा धरला तर उत्तर २९ येतं. दोन्ही हीटर चांगलेच आहेत, देश वेगळे. कुणी ३० हा आकडा डोक्यात ठेवून आपला ३५० ओहमचा हीटर भंगारात काढू नये म्हणून मी तो आकडा लिहिला होता. बायमेटलचं, म्हणजे तापमानावर चालणाऱ्या छोट्या स्विचचंही असंच होतं. तो कॉइलवर क्लिपने बसवलेला असतो, कॉइल शून्याच्या बरीच खाली गेली की जोडला जातो आणि साधारण १० अंशांच्या आसपास सुटतो. वितळलेल्या फ्रिजमध्ये तो तपासला तर मीटर ‘तुटलाय’ असंच दाखवणार. चांगले बायमेटल यामुळे बदलले जातात.

टायमर हाताने फिरवणं हा जुगाड आहे, असंही तुम्ही म्हटलंय. ती तपासणी आहे. प्लग काढून दांडा स्क्रू ड्रायव्हरने फक्त घड्याळाच्या काट्याच्या दिशेने हळूहळू फिरवायचा. ‘टक्’ आवाज आला की थांबायचं, पेटी जागेवर बसवून स्क्रू लावायचे आणि मगच प्लग घालायचा. हे कॉइलवर बर्फ असताना करायचं, नाहीतर बायमेटल हीटरला वीजच देणार नाही. कॉम्प्रेसर आणि पंखा गप्प, आणि काही मिनिटांत फ्रीझरच्या मागून पाणी तापल्यावर येते तशी चुरचुर ऐकू आली, तर हीटर, बायमेटल आणि थर्मल फ्यूज (फार तापलं तर वीज तोडणारा) तिन्ही शाबूत आहेत. मग संशय टायमरवर. चुरचुर नाहीच आली तर त्या तिघांपैकी कुणीतरी गेलंय, आणि ते काम पडदा काढून मेकॅनिकनेच करायचं. टायमर बदलायची वेळ आली तर जुन्यावरचा नंबर जुळवूनच नवा घ्या. पिना बसल्या म्हणजे आतली जोडणी तीच असते असं नाही.

त्याहून सोपी खूण म्हणजे पेनाची रेघ. प्लग काढलेला असताना दांड्यावर आणि शेजारच्या प्लास्टिकवर एक सरळ रेघ ओढा, मग फ्रिज चालू करा. तीन-चार तास कॉम्प्रेसर चालल्यावर प्लग काढून बघा. दांड्यावरची रेघ सरकली असेल तर टायमरची मोटर फिरतेय. तिथेच असेल तर ती बंद पडलीय. लोडशेडिंग असेल तर ते तास धरू नका, कारण वीज गेली की टायमरही जिथल्या तिथे थांबतो आणि वीज आल्यावर तिथूनच पुढे चालतो.

आता तुमच्या फ्रिजकडे. कॉम्प्रेसरजवळ काही नाही, आणि तुम्ही ‘चकती चारवर ठेवली होती’ असं लिहिलंय, म्हणजे पीसीबीचा फ्रिज बहुधा नाही. छताची पेटी बघा. दांडा सापडला तर रेघ ओढा आणि ती सरकली की नाही ते इथेच खाली लिहा. सोबत मागच्या लेबलवर कोणता गॅस लिहिलाय तेही कळवा. तोपर्यंत पुन्हा गॅस भरून घेऊ नका.