कंट्रोलरची बॅटरी संपणारच, पण ती बदलता तर आली पाहिजे

एक्सबॉक्स हा कन्सोल, म्हणजे टीव्हीला जोडून गेम खेळायचं मशीन. त्याच्या हातात धरायच्या कंट्रोलरला हसणारे लोक मी वर्षानुवर्षं बघतेय. "एवढं महागाचं मशीन, आणि त्यात पेन्सिल सेल घालायचे?" गेमिंगच्या प्रत्येक ग्रुपवर हे वाक्य कोणी ना कोणी टाकतोच, आणि त्याखाली हसणाऱ्या चेहऱ्यांची रांग लागते. माझं मत नेमकं उलटं आहे. कंट्रोलरच्या बॅटरीच्या बाबतीत खरं शहाणपण कोणी दाखवलं असेल तर ते या दोन सेलवाल्यांनी. बाकीच्यांनी बॅटरी प्लास्टिकच्या आत बंद केली आणि वर आपल्यालाच सांगितलं, जपून वापरा.

बॅटरी हा झिजणारा भाग आहे. गाडीचा टायर गुळगुळीत झाला म्हणून कोणी गाडी भंगारात काढत नाही. पण कंट्रोलर दीड तासात उतरायला लागला की घरोघरी एकच ठराव होतो: नवीन घ्या. परवा भाच्याचा मेसेज आला, "मावशी, तू सांग ना आईला, तुझं ऐकते ती." त्याच्या कंट्रोलरच्या अंगठ्याने फिरवायच्या काड्या नीट, बटणं नीट, रंगसुद्धा उडालेला नाही. फक्त आतला सेल थकलाय.

आमच्या बाबांचा यावर ठरलेला सल्ला आहे. "पूर्ण उतरू द्या आणि मगच चार्जिंगला लावा. मध्येच लावलं की बॅटरी खराब होते." बाबा हे मनातलं सांगत नाहीत. त्यांच्या काळातल्या कॉर्डलेस फोनमध्ये निकेल-कॅडमियमचे सेल असायचे आणि त्यांना ही सवय खरोखरच चांगली असायची. पण आत्ताच्या कंट्रोलरमध्ये लिथियम-आयन आहे, आणि तिला नेमकी हीच सवय नको असते. ती पूर्ण उतरणं हे तिच्यासाठी कष्टाचं काम. अर्ध्यावर असताना लावा, थोडी भरली की काढा, पुन्हा लावा, तिची काही तक्रार नाही. एक सायकल म्हणजे पूर्ण बॅटरीइतकी वीज वापरली जाणं. चार वेळा पाव-पाव भरली तरी हिशेबात ती एकच सायकल धरतात. "बाबा, ते जुन्या सेलचं हो," असं मी म्हणते, ते "बरं" म्हणतात आणि दुसऱ्या दिवशी भाच्याला पुन्हा तेच सांगतात.

गंमत अशी की लिथियम-आयन बॅटरी बाजारात पहिल्यांदा विकायला आणली ती प्लेस्टेशन बनवणाऱ्या सोनीनेच, १९९१ साली. या बॅटरीमागच्या संशोधनाला २०१९ चं रसायनशास्त्राचं नोबेल मिळालं. गुडइनफ, व्हिटिंगहॅम आणि योशिनो असे तिघं त्याचे मानकरी. सोनीने तो बॅटरीचा धंदा २०१७ मध्ये मुराता कंपनीला विकून टाकला, तो भाग वेगळा. पण तीच बॅटरी प्लेस्टेशनच्या कंट्रोलरमध्ये बसवताना मागे एक साधं झाकण द्यावं, असं त्यांना कधी वाटलं नाही.

आता आमच्या नागपूरकरांसाठी थोडं सविस्तर, कारण बॅटरीची खरी वैरीण उष्णता आहे. कंट्रोलरच्या माहितीपत्रकात चार्जिंगसाठी साधारण १० ते ३० अंश तापमान सुचवलेलं असतं. मे महिन्यात आमच्याकडे ३० अंश म्हणजे पहाटेचा गारवा. दुपारी पंचेचाळीसला टेकलेलं असताना, कूलरचं तोंड सोफ्याकडे आणि कंट्रोलर मात्र टीव्हीच्या कपाटात, कन्सोलच्या डोक्यावर, जिथे गरम हवा बाहेर पडते तिथेच चार्जिंगला. हे दृश्य मी कितीतरी घरांत बघितलंय. पूर्ण भरलेली लिथियम-आयन बॅटरी २५ अंशात वर्षभर नुसती पडून राहिली तर तिची क्षमता साधारण ८० टक्क्यांवर येते आणि ४० अंशात ६५ च्या आसपास. तीच बॅटरी ४० टक्के भरून ठेवली तर २५ अंशात ९६ टक्के आणि ४० अंशातसुद्धा ८५ टक्के शिल्लक राहते. हे ढोबळ आकडे आहेत, सेलप्रमाणे थोडे इकडेतिकडे होतील. पण यातून दिसतं ते स्पष्ट आहे. भरपूर उष्णता आणि पूर्ण भरलेली बॅटरी, या दोन गोष्टी एकत्र येऊ द्यायच्या नाहीत. उन्हाळ्यात कंट्रोलर कूलरच्या खोलीतच चार्ज करा, उशीखाली किंवा गादीवर नको.

चार्जरबद्दल मात्र उगाच भीती आहे. "फोनच्या फास्ट चार्जरने कंट्रोलर जळतो," हे मी दुकानदारांच्या तोंडूनही ऐकलंय. चार्जर वीज ढकलत नसतो, वस्तू आपल्याला हवी तेवढी ओढते. चांगल्या कंपनीचा फास्ट चार्जर सुरुवातीला ५ व्होल्टच देतो आणि समोरच्या वस्तूने मागितल्याशिवाय तो वाढवत नाही. कंट्रोलर मागतच नाही. भीती बाळगायचीच तर रस्त्यावरच्या बिनमार्क्याच्या चार्जरची बाळगा. त्यातून ५ च्या नावाखाली काय बाहेर येईल त्याचा नेम नसतो. कंपन्या कन्सोललाच लावा म्हणतात, तेही ठीक आहे, फक्त तेवढ्यासाठी अख्खा कन्सोल रात्रभर रेस्ट मोडमध्ये (अर्धवट बंद) जागा ठेवायला माझा विरोध आहे. तो स्वतः काही वॅट खात बसतो. कंट्रोलरची बॅटरी त्यामानाने केवढीशी! प्लेस्टेशन ४ च्या कंट्रोलरची, म्हणजे ड्युअलशॉक ४ ची, १००० एमएएच (बॅटरीत किती मावतं त्याचं माप), प्लेस्टेशन ५ च्या ड्युअलसेन्सची १५६०. आजकालच्या फोनमध्ये ५००० असते. वाया जाणारी वीज धरूनही एका युनिटमध्ये कंट्रोलर शंभरावर वेळा भरून होईल. "दिवसभर चार्जिंगला असतं, बिल येतं," म्हणणाऱ्या सगळ्या आयांना हा हिशेब दाखवा.

एक छोटी अडचण वारंवार विचारली जाते. स्वस्तातला कंट्रोलर दोन्हीकडे सी टाइप पिन असलेल्या केबलने चार्जच होत नाही, पण जुन्या चपट्या यूएसबीच्या केबलने होतो. कंट्रोलर बिघडलेला नसतो. सी टाइप पोर्टमध्ये चार्जरला ओळख पटवायला दोन बारीक रेझिस्टर लागतात, ते काही कंपन्या पैसे वाचवायला गाळतात. मग चार्जर वीज सोडतच नाही. एका बाजूला चपटी पिन असलेली केबल वापरा, काम होतं.

एका चार्जिंगमध्ये जास्त तास कसे काढायचे, यावर व्हिडिओंचा पाऊस पडलाय. मी थोडक्यात सांगते. प्रकाशाची पट्टी मंद ठेवा, कंट्रोलर आपोआप बंद व्हायची वेळ १० मिनिटांवर आणा, कंट्रोलरला हेडफोन लावायची गरज नसेल तर काढा. इथपर्यंत मला पटतं. पण व्हायब्रेशन बंद करा, ट्रिगरचा, म्हणजे बोटाने ओढायच्या मागच्या बटणांचा, ताण बंद करा, स्पीकर बंद करा, इथे मी थांबते. ड्युअलसेन्सचे पैसे आपण त्या थरथरीचे आणि त्या ताठ होणाऱ्या ट्रिगरचेच मोजलेत. दोन तास वाढवायला तीच मजा काढून टाकायची, मग घेतला कशाला? निन्टेन्डो स्विचचा प्रो कंट्रोलर १३०० एमएएचवर चाळीसेक तास चालतो, ड्युअलसेन्स त्याहून मोठ्या बॅटरीवर त्याच्या जवळपासही जात नाही. कारण ड्युअलसेन्समध्ये ट्रिगर ताठ करणाऱ्या मोटारीसुद्धा आहेत, त्या खातात. खाऊ देत. रात्री झोपताना चार्जिंगला लावा की झालं.

कितीतरी बॅटऱ्या वापरून मरत नाहीत, न वापरता मरतात. आणि आपल्याकडे त्यांचा सगळ्यात मोठा काळ कोणता, तर दहावी-बारावी. जूनमध्ये घरात घोषणा होते, कन्सोल खोक्यात, खोकं माळ्यावर. कंट्रोलर शेवटच्या दिवशी मनसोक्त खेळून पार उतरलेल्या अवस्थेतच आत जातो. बॅटरी न वापरता थोडी थोडी उतरत राहते, आतलं सर्किटही चिमूटभर वीज खात असतं. व्होल्टेज ठरावीक मर्यादेखाली गेलं की बॅटरीतलं संरक्षक सर्किट तिचा बाहेरचा संपर्कच तोडून टाकतं. वर माळ्यावरचा एप्रिल-मे आहेच. निकालाच्या दिवशी पेढ्यांबरोबर खोकं खाली येतं, केबल लावली जाते, आणि दिवासुद्धा लागत नाही. मुलगा पास, कंट्रोलर नापास.

तेव्हा माळ्यावर टाकायचाच असेल तर स्क्रीनवर बॅटरीच्या तीनपैकी दोन कांड्या दिसतील एवढा भरून टाका, आणि दोन-तीन महिन्यांनी काढून पुन्हा तेवढ्याच करा. मुलाला नुसतं हातात धरायला मिळालं तरी अभ्यासावर फार परिणाम होणार नाही, असं माझं मत. (ताईला हे मत मान्य नाही.)

आता मूळ मुद्दा. बॅटरी बदलणं खरंच इतकं अवघड आहे का? ड्युअलशॉक ४ उलटा करा. मागे चार स्क्रू आहेत. मोबाइलवाल्यांकडचा बारीक स्टार स्क्रूड्रायव्हर लागतो, मोठा लावला तर डोकी झिजतात आणि मग खरा गोंधळ होतो. स्क्रू निघाले की मुठींच्या बाजूने नखाने किंवा जुन्या एटीएम कार्डाने हळू उकलायचं. टक टक आवाज येतो, घाबरायचं नाही. पण मागचं झाकण एकदम ओढायचंही नाही, कारण चार्जिंगच्या सर्किटमधून एक नाजूक रिबन मुख्य सर्किटला गेलेली असते. ती अलगद सोडवली की समोर बॅटरी. काळ्या प्लास्टिकच्या खाचेत नुसती ठेवलेली, ना गोंद, ना डाग दिलेला. दोन वायर आणि टोकाला तांदळाच्या दाण्याहून थोडा मोठा पांढरा सॉकेट. वायर धरून ओढायची नाही, सॉकेट धरायचा. नवीन लावा, बंद करा. चार्जिंगची पिन ढिली झाली असेल तर तोही भाग वेगळ्या छोट्या सर्किटवर आहे, स्वस्तात मिळतो, फक्त आपल्या कंट्रोलरचं व्हर्जन बघून घ्यावा लागतो.

ड्युअलसेन्सला थोडी जास्त खटपट आहे. समोरची काळी पट्टी काढा, वरच्या कडेची एल१ आणि आर१ ही बटणं उचकटा, त्याखाली आणि मुठीत लपलेले स्क्रू काढा. बॅटरी तिथेही सॉकेटवरच आहे. म्हणजे आतमध्ये बॅटरी बदलण्याची सगळी सोय आहे, नाही ते फक्त बाहेरचं झाकण. मला राग याचाच येतो. निन्टेन्डो स्विचच्या जॉय-कॉन या छोट्या कंट्रोलरमध्ये तर तीन पात्यांचे खास स्क्रू आहेत, घरच्या पेटीतला स्क्रूड्रायव्हर लागतच नाही.

मी एकदा दुरुस्तीच्या दुकानात विचारून पाहिलं. काउंटरवरच्या मुलाने कंट्रोलर हातातही न घेता सांगितलं, "मॅडम, याचं काही होत नाही, नवीनच घ्या." मागच्या भिंतीवर नव्या कंट्रोलरची खोकी रचलेली होती. त्याचा तरी काय दोष, त्याला विकायला ठेवलंय.

घरी बदलणार असाल तर बॅटरी नीट पारखून घ्या. त्याच आकाराच्या बॅटरीवर दुप्पट एमएएच छापलेलं दिसलं की पुढच्या दुकानात जा. आपल्याकडे लिथियम सेलला बीआयएसची (भारतीय मानक ब्यूरोची) नोंदणी सक्तीची आहे, आयएस १६०४६ हा क्रमांक आणि आर-ने सुरू होणारा नोंदणी क्रमांक लेबलवर असायला हवा. बॅटरी फुगलेली असेल, झाकणाची फट वाढलेली दिसत असेल, तर चार्जिंग त्या क्षणी बंद. दाबून बसवायची नाही, टोचायची तर मुळीच नाही.

युरोपियन युनियनने २०२३ मध्ये बॅटऱ्यांचा नवा नियम केला. त्यानुसार १८ फेब्रुवारी २०२७ पासून अशा छोट्या उपकरणांतली बॅटरी वापरणाऱ्याला स्वतः काढता आणि बदलता आली पाहिजे. काही अपवाद आहेत, पण दिशा ठरली. आपल्याकडे २०२२ चे बॅटरी कचरा व्यवस्थापन नियम आहेत. ते जुन्या बॅटऱ्या गोळा करण्याची आणि त्यांच्या पुनर्वापराची जबाबदारी उत्पादकावर टाकतात. चांगलंच आहे. पण मुळात बॅटरी बाहेरच काढता येत नसेल तर ती गोळा होणार कशी? ती कंट्रोलरसकट ड्रॉवरमध्ये जाते, तिथून रद्दीवाल्याकडे.

सेलच्या बाजूने बोलते म्हणून कोणी लगेच म्हणेल, दर पंधरवड्याला सेल विकत घ्यायचे आणि फेकायचे, हा कचरा नाही का? आहे ना. म्हणून रिचार्जेबल घ्यायचे. २००५ मध्ये सॅन्योने एनेलूप आणले, तेव्हापासून पडून राहिले तरी चार्ज टिकवणारे निकेल-मेटल हायड्राइड सेल मिळतात. चार घ्या, दोन कंट्रोलरमध्ये, दोन चार्जरमध्ये. जुना-नवा सेल एकत्र घालू नका, एवढंच पथ्य. एक्सबॉक्सच्या सध्याच्या कंट्रोलरला कंपनीच ४० तासांपर्यंतचा आकडा देते. सेल थकले तर नवे आणायचे, ते भिंतीवरच्या घड्याळातही चालतात. वजन थोडं जास्त लागतं हातात, मान्य. आणि हो, एक्सबॉक्सचाच महागातला एलीट सिरीज २ घेतलात तर त्यात बॅटरी आतच बंद. जास्त पैसे मोजून कमी सोय!

जुनी काढलेली बॅटरी घंटागाडीत टाकू नका. गाडीत कचरा दाबला जातो आणि लिथियम बॅटरी दाबली गेली की पेट घेऊ शकते. टोकांना चिकटपट्टी लावून ती ई-कचरा घेणाऱ्याकडे द्यायची. नागपुरात सुट्या एक-दोन बॅटऱ्या खळखळ न करता कोण घेतं, हे कोणाला माहीत असेल तर कमेंटमध्ये पत्ता टाका. माझ्याकडे भाच्याच्या वर्गातल्या मुलांच्याही साठल्यात.