पम्या, अंगठा आणि वकील

पम्याचं प्रकरण सगळ्यांना कळलंय, म्हणून एका ओळीतच सांगतो: मैत्रिणीवर त्याचं मन बसलं होतं, शेवटी त्याने विचारलं आणि ती 'नाही' म्हणाली, तेही समोर बसून, नीट. काल तो यायच्या आधी कट्ट्यावर जुंपली. सुमी जे बोलली ते मला मनापासून पटलं, म्हणून लिहितोय.

सुरुवात वकिलाने केली. कोर्टाची पायरी न चढता हे नाव त्याला का पडलं ते कळेलच.

"तिनेच आशा लावली. हा रोज रात्री 'पोचलीस का?' विचारायचा, ती अंगठा पाठवायची. अंगठा उठवला की करार पक्का!"

"अंगठा म्हणजे पोचले," सुमी म्हणाली. "पुढचं सगळं तू रचलंस. लाजतेय रे, थांब जरा, हे रोज कोण सांगत होतं?"

"मित्राला धीर द्यायचा नाही?"

"ती नाही म्हणेल हे तुला वाटत होतं की नाही?"

"अंदाज होता."

"मग सांगितला का नाहीस?"

"तोंड पडलं असतं पोराचं."

"आता काय खुललंय?"

मास्तर मध्ये पडले. म्हणाले, १९९३ साली मानसशास्त्रज्ञ रॉय बाउमायस्टर आणि सहकाऱ्यांनी एकतर्फी प्रेमाच्या दोन्ही बाजूंच्या हकिगती लोकांकडून लिहून घेतल्या होत्या. झुरणारे म्हणत, समोरच्याने आशा लावली. नकार देणारे म्हणत, आम्ही तसं काही केलं नाही; तरी अपराधी त्यांनाच वाटत होतं. झुरायचं कसं ते गाण्या-गोष्टींतून पाठ असतं, नाही कसं म्हणायचं ते कुणी शिकवत नाही.

"बघा! आशा लावतात हे सिद्ध झालंय!" वकील ओरडला. पुढचं त्याने ऐकलंच नव्हतं.

बाळ्याचं म्हणणं वेगळं. पम्याने बोलायलाच नको होतं, गप्प बसला असता तर मैत्री तरी टिकली असती.

"कुठली मैत्री?" सुमी म्हणाली. "तिने त्या दुसऱ्या मुलाबद्दल विचारलं, कसा वाटतो? हा म्हणाला, मला नाही पटत. ते मित्र म्हणून बोलला की पोटात दुखलं म्हणून? तिला तर मित्राचाच सल्ला वाटला."

यावर कुणाला काही सुचेना. आपण अशा गप्प बसण्याला त्याग म्हणतो, पण जिच्यासाठी त्याग करायचा तिलाच अंधारात ठेवायचं, हे मला कधीच पटलेलं नाही. एकदा स्वच्छ विचारावं आणि उत्तर पदरात घ्यावं. पम्याने उशिरा का होईना, ते केलं.

"तू मोठी खरं बोलणारी!" वकील उसळला. "बाळ्याला छान गातोस म्हणालीस."

"मोठ्याने गातोस म्हणाले होते."

बाळ्याचा चेहरा बघण्यासारखा झाला. तेवढ्यात पम्या आला.

"माझंच चाललंय ना?"

"छे, क्रिकेट," वकील म्हणाला.

"हो, तुझंच," सुमी म्हणाली.

पम्या वकिलाशेजारी टेकला. "मला धावबाद केलंस तेव्हाही 'ये ये, आरामात ये' असंच ओरडला होतास."

सगळे फुटले, पम्यासुद्धा.

"ती धाव होती!" वकील उठून उभा राहिला. "मास्तर, तुम्ही अंपायर होतात, सांगा!"

मास्तर म्हणाले, "धाव नव्हतीच," आणि मग त्या धावेवरून जे पेटलं ते उठेपर्यंत चाललं.